खंडेनवमीचा गंज

शुक्रवार, ३१ ऑक्टोबर २०२५. शाळेला दिवाळीची सुट्टी, त्यामुळे ऑफिसचं काम नव्हतं. सकाळी सासूबाईंचा स्वयंपाक करून ठेवला. सांगवीहून एसटीने बारामती, पुढे दुसऱ्या गाडीने लोणी देवकर. कार्यक्रम चारचा होता, सव्वापाचला सुरू झाला. मी बोलले ते असं :

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि या बंदूक दुरुस्ती वर्कशॉपचे मालक माननीय आप्पासाहेब, व्यासपीठावरील व्यवस्थापक युवराजसर, ज्यांच्या सेवापूर्तीसाठी आपण जमलो ते कुंडलिकदादा, त्यांच्या शेजारी संकोचून बसलेल्या वहिनी, सर्व कामगार बंधू आणि डाळजहून आलेली पाहुणेमंडळी, सर्वांना नमस्कार.

ग्राहकांच्या वतीने दोन शब्द बोला, असं मला सांगण्यात आलं. मी शाळेत लिपिक आहे. मला लिहायची सवय आहे, बोलायची नाही. शिवाय मी इथली ग्राहक झाले त्याला महिनाच होतोय. तरी उभी राहिले, कारण नाही म्हणणं मला शोभलं नसतं.

माझे पती सोपानराव गेल्या वर्षी गेले. उसात रानडुकरं येतात म्हणून त्यांच्याकडे परवान्याची एकनळी बंदूक होती. वारस म्हणून परवाना माझ्या नावावर झाला आणि पोलीस ठाण्यात जमा असलेली बंदूक सप्टेंबरमध्ये घरी आली. सासूबाईंनी, म्हणजे प्रयागबाईंनी, खंडेनवमीला तिची पूजा मांडली. लेकाची वस्तू, मग कमी कशाला करायचं? नळीवर नारळाचं पाणी शिंपडलं, हळदीकुंकू वाहिलं, झेंडूच्या ओल्या माळा गुंडाळल्या. दसऱ्याला सकाळी माळा काढल्या तर नळीभर नारंगी ठिपके. त्या दिवशी सासूबाईंनी सोनं वाटलं नाही. माझ्याच हातनं नासलं, एवढंच म्हणत राहिल्या.

दुसऱ्या दिवशी बंदूक आणि कागदपत्रं घेऊन मी इथे आले. कुंडलिकदादांनी नळी पाहून फक्त पूजा कुणी केली ते विचारलं. मी सांगितल्यावर ते हसले. दसरा झाला की आमचा सीझन सुरू, म्हणाले.

सगळं नवं, चकचकीत करून द्या, असं मी सांगितलं. सासूबाईंना ठिपका दिसायला नको होता. दादांनी टेबलावर लोखंडाच्या तीन पट्ट्या ठेवल्या. तिन्हींची त्यांनी घरी साग्रसंगीत पूजा केली होती, नारळाच्या पाण्यासकट. वहिनी मान हलवतायत, म्हणजे खरं आहे.

पहिलीवर ब्लूइंग, म्हणजे आमच्या नळीसारखा निळसर काळा थर. तिच्यावर ठिपके आले होते. दादा म्हणाले, "हा थर बी गंजाच्याच जातीचा हाय ताई, निस्ता माणसाळलेला. तेल न्हाय दिलं की रानातल्या भावाला घरात घेतो." दुसरीवर फॉस्फेट. करडा, खरबरीत थर, तेल पिऊन धरून ठेवतो. तेल दिलं होतं त्या अर्ध्या भागाला काही झालं नव्हतं, कोरडा अर्धा लाल पडला होता. तिसरीवर हार्ड क्रोम, आरशासारखा चकचकीत थर. तिला काहीच झालं नव्हतं. मी म्हटलं, हाच द्या. तर म्हणाले, द्यायला हरकत नाही, पण चांदण्यात डुकराला लांबून दिसेल. ते तुमच्या नळीत बघून भांग पाडेल आणि दुसऱ्याच्या उसात जाईल.

आपण हसलात. त्या दिवशी मीही हसले. घरातून निघताना हसू येईल असं वाटलं नव्हतं.

मग त्यांनी नळी उजेडात फिरवली आणि विचारलं, "मालक डावरे होते का?"

होते, पण मी त्यांना तसं काहीच सांगितलं नव्हतं. त्यांनी दाखवलं. अंगठ्याच्या जागी थर झिजून पांढरं लोखंड दिसत होतं, आणि ती झीज नेहमीच्या उलट बाजूला होती. सतरा वर्षांच्या संसारात ती मी पाहिली नव्हती. दादा म्हणाले, तिन्हींतला कुठलाही थर चढवायचा तर आधी नळी घासावी लागणार, आणि घासली की ही जागा जाणार.

त्यांनी घाई केली नाही. चहा मागवला. मग म्हणाले, "नुसता गंज काढून देतो. बाकीला हात लावत न्हाय. पण जिथं थर न्हाय, ती जागा तुमच्यावर राहील. दर आठवड्याला तेल. चुकलासा तर मला बोलायचं न्हाय."

मी हो म्हटलं.

मशीन न लावता, घासणीसारखी बारीक तारेची लोकर आणि तेल घेऊन त्यांनी एकेक ठिपका काढला. आठ दिवसांनी मी बंदूक घरी नेली आणि सासूबाईंना ती जागा दाखवली. त्यांनी तिच्यावर अंगठा ठेवला आणि म्हणाल्या, "हितंच धरायचा." मग विचारलं, पुढच्या वर्षी पूजा करायची का नाही? मी दादांना फोन लावून दिला. पूजा लाकडी दस्त्याची करा, नळीला तेलाचा नैवेद्य दाखवा, असा निर्णय झाला. दोघं पुढे वीस मिनिटं बोलत होते. काय बोलले ते मला माहीत नाही.

तिन्हींतला कोणता थर घ्यावा, हे सव्वीस वर्षं या वर्कशॉपमध्ये काढलेल्या दादांनी मला शेवटपर्यंत सांगितलं नाही. हातात आलेलं काम न करणं हेही काम असतं, एवढं मात्र मी इथे पाहिलं.

दादा, विश्रांती घ्या. वहिनी, आता स्वयंपाकघरातला नारळ जपा. मला बोलायला दिलंत याबद्दल आप्पासाहेबांची आणि आपणा सर्वांची ऋणी आहे. कुणाचा मान राखायचा राहिला असेल, कमीजास्त बोलले असेन, तर घरची समजून पोटात घाला. नमस्कार.

घरी आले तेव्हा सासूबाई शेजारी गेल्या होत्या. साडी बदलली. कपाटातून बंदूक काढली, रिकामी असल्याची खात्री केली आणि नळीवर तेलाचं फडकं फिरवलं. अंगठ्याच्या जागेवर दोनदा. मग कुलूप लावलं आणि साबणाने हात धुतले.