हरेशच्या वाट्याचा मसाला

मी मूळची उरणकडची, खाडीच्या काठची. बापाची होडी होती, लगीन झालं ते जासईच्या बाजूला, तिथं पन सासऱ्याची होडीच, मनजे एका चिखलातून उठले आन दुसऱ्या चिखलात गेले. मंग तिकडं कंटेनरची यार्डं आली, खाडी बुजली, मालक माझा वारला, पोरगी वनिता लगीन होऊन गेली, आन पोऱ्या माझा हरेश यार्डात कामाला लागला. त्यानीच इकडं विचुंब्याला ही खोली घेतली. बोलला, आये, आता माती नको, लिफ्टनी जायाचं. लिफ्टनी जाते मी, पन पाटी डोक्यावर घेऊन नव्या पनवेलच्या बाजारात मावरं, मनजे मासळी, विकायला अजून बसते, ते काय सुटलं नाय.

हरेशनी काय केलं ते तुमाला ठाऊक असेल, पेपरात आलं होतं. परदेशातून आलेल्या कंटेनरचं सील फोडलं, आतून सिगरेटी काढल्या, आन दुसरं सील लावून ठेवलं. चार जण होते, त्यातला एक हा. माझ्या पोऱ्यानं केलं नाय असं मी बोलनार नाय, आई असले तरी डोळे हायेत मना. तिघं धरले, हा पळाला. दिल्लीच्या खात्याची मानसं आली, हिंदीत बोलनारी, घर उलटंपालटं केलं, मावऱ्याची बर्फाची पेटी पन उघडून बघितली. मी बोलले, साहेब, त्याच्यात बांगडे हायेत, पोरगा मावनार नाय. एक जन हसला, दुसरा नाय हसला.

काय सांगू तुमाला, मना वाटायचं पोलीस पळणाऱ्याच्या मागं पळतात. तसं नाय हो. ते आईच्या दारात येऊन बसतात. समोरच्या चहाच्या टपरीवर रोज नवा माणूस, हातात मोबाईल, चहा संपला तरी उठायचा नाय. माझा फोन कोनाचा येतो ते त्यांना ठाऊक, वनिताचा पन ठाऊक. आन सण आला का गाडी हमखास उभी. नारळी पुनवेला उभी, गौरीला उभी, मालकाच्या श्राद्धाला तर सकाळपासून उभी, कावळ्याच्या आधी ते हजर. मी मनात बोलायची, पोरा, येऊ नको, बापाला पानी मी दुसऱ्याच्या हातानं देते, तू येऊ नको. त्या वर्षी पुनवेला नारळाची वडी पन नाय केली. असं वेड्यावानी वाटायचं, का गोडाचा वास सुटला तर कुटंही असेल तिथून पोऱ्या निघेल. दारावरची बेल वाजली का दाराच्या भोकातून बघायची, आन नाय वाजली तरी बघायची. जिता हाय का मेला तेच कळत नव्हतं, मंग जेवन तरी कसं जानार.

मंग एक दिस बाळू बाजारात आला. बाळू मनजे ट्रेलर चालवतो तो, हरेशचा दोस्त. पापलेट हातात धरून उलटंसुलटं करीत बोलला, मावशी, पोरगा गुजरातला हाय, बंदरावर, बर्फाच्या कारखान्यात, बरा हाय. काय लागतं का त्याला, मी विचारलं. पैसे नको बोलला, कपडे नको. फकस्त मसाला पाठव बोलला, तिकडचं जेवन गोड गोड लागतं, घशाखाली उतरत नाय. ऐकून मी तिथंच रडले असते, पन टपरीवर बसनारा तो माणूस बाजारात पन असला तर, मनून पापलेटाचा भाव करीत बसले. बाळूशी, खोटा खोटा.

उन्हाळाच होता. आमच्यात वर्षाचा मसाला उन्हाळ्यात होतो, मिरच्या गच्चीवर वाळवायच्या, भाजायच्या, डंकावर नेऊन कुटून आनायच्या. सोसायटीचा सेक्रेटरी दर साली बोंबलतो, खोकला येतो बोलतो, आन मंग वाटीभर घेऊन जातो. मसाला झाला का वाटे करायचे, लेकीचा, नणंदेचा, जो कोन घरापासून लांब हाय त्याचा पयला. हे आमच्यात कोनाला शिकवायला लागत नाय.

तवा माझ्याकडं एक नवीन गिऱ्हाईक यायची. तरणी बाय, साधा ड्रेस, बोलायला गोड, मावरं घ्यायची तर कल्ले उघडून बघायची, मनजे आपल्यातलीच. अलिबागकडची हाय बोलली. मावशी, मसाला झाला का, किती केला गं या साली. मी बोलले, सहा किलो. आन बोलता बोलता मना बरं पन वाटलं, किती दिवसांनी कोन घरातलं विचारत होतं. सहा किलो, तू तर एकटीच ना गं मावशी. मी बोलले, वनिताला देते, नणंदेला देते, आन...

आन बोलले आन थांबले. तिनी पिशवी उचलली, मांदेली घेतली आन गेली.

हरेशचा वाटा बरणीत भरून मी बाळूकडं दिला. बाळूच्या ट्रेलरमागं खात्याची मानसं गुजरातपर्यंत गेली हो. बाळूला कुटं अडवलं नाय, हात लावला नाय. बरणी कारखान्यात ठेवू दिली आन बरणी कोन उघडतो ते बघत बसले.

मना वनितानी फोन करून सांगितलं, धरला. मी खाली बसले, आन खरं सांगू, पयला शब्द तोंडातून निघाला तो जिता हाय ना. त्या रातीला मी झोपले. लाज वाटते बोलायला, पन वर्षभरानी झोपले.

तारखेला पनवेलच्या कोर्टात डबा घेऊन गेले तर ती मसाल्याचं विचारनारी बाय उभी, गळ्यात खात्याचं कार्ड. मी तोंड फिरवलं. तीच जवळ आली, हळूच बोलली, मावशी, डब्यात काय हाय. तांदळाची भाकरी आन बोंबलाचं सुकं. बरोबरच्या पोलिसांशी काय बोलली ते बोलली, त्यांनी हरेशला जिन्याखालच्या बाकड्यावर बसवलं. एका हातात बेडी, दुसऱ्या हातानं जेवला. वाळलाय पोऱ्या. मी विचारलं, बाबा, मी मसाला पाठवला नसता तर. तो बोटं चाटीत बोलला, आये, बरणी आली त्या राती पोटभर जेवलो आन मेल्यावानी झोपलो. उठवलं ते त्यांनीच.

जाताना ती बाय बोलली, माझी आई होती तवर मना पन वाटा यायचा, मनून कळलं मावशी. माझ्या तोंडात लय शिव्या येत होत्या. निघालं काय, तर पुढच्या उन्हाळ्यात डबा घेऊन ये. काय करू, आई नाय तिला, कोन देनार.

आली होती या साली. नेला.

हरेशचा वाटा पन काढलाय, तिथं फळीवर हाय बघा. जेलात घेत नाय. वकील बोलतो थांबा, जामिनाचं बघू, निकाल कवा लागेल सांगता येत नाय. बेल वाजली का अजून भोकातून बघते, आता कोन येनार हाय, तरी बघते. मसाल्याचं काय, वर्षभर राहतो. हिंगाचे खडे घातले का दोन वर्षं पन राहतो, मी मूठभर घातलेत. त्याच्यापुढं राहतो का ते मना ठाऊक नाय, आमच्यात कोनी ठेवून बघितलेला नाय.