पगारी खेळाडू

इतवारीच्या बसच्या रांगेत प्रेमिलाच्या पुढे एक नवराबायको उभे होते.

"क्लबवाले सत्कार करून राहिले, अन् तुम्ही नाही म्हणता?"

"जवानीभर मेंबरांना टेनिस शिकवलं. स्पर्धेत नाव द्याले गेलो, तं म्हणे, तू पगार घेतो, पगारी माणसाले स्पर्धेत खेळू देत नाही."

"तो नियम आता बदलला ना?"

"बदलला तवा माहा गुडघा गेला होता वं!"

"म्हणून सत्कार सोडता?"

"माइकवर 'जुने सेवक' म्हणणार हायेत. म्या म्हटलं, खेळाडू म्हणा. तं हसले."

"हसले?"

"समदेच हसले."

बस आली. बायको चढलीच नाही.

"चढ ना वं. बाजार नाही करत काय?"

"बाजार राहू द्या. आधी क्लबवर चला. माह्यासमोर हसून दाखवा म्हणा त्याइले!"