लोकरीची टोपी

लीड्सच्या ग्रंथालयात जुन्या पंक बँडांच्या आठवणी जमा करत होते: पोस्टरं, बिल्ले, कॅसेटी. नाझींचा उदोउदो करत द्वेष गाणाऱ्या बँडांच्याही हव्या होत्या. ग्लेनिस आपलं खोकं घेऊन रांगेत उभी होती. पुढे एक म्हातारे बहीणभाऊ. ऐकायला यावं म्हणून ती मुद्दाम एक पाऊल सरकली.

"टेरेन्स, टोपी काढ की. किती उकडतंय!"

"राहू दे. मला थंडी वाजतेय."

"जूनमध्ये?"

"मॉरीन, हळू बोल. लोक ऐकतायत."

"ऐकू देत. इथे जो तो सांगतोय, आम्ही नाझींच्या विरोधात होतो. मग पबात हात वर करून नाचत कोण होतं, कबुतरं?"

"मीही विरोधातच होतो."

"हो तर! आईनं तुला महिनाभर परसात जेवायला वाढलं, ते काय लाडानं?"

"पोरवय होतं गं. पुढे केस वाढवले ना मी?"

"वाढवलेस, डोक्यावरचं ते नाझी गोंदण झाकायला. आता टक्कल पडलं, त्याला मी काय करू?"

"तू पोस्टरं द्यायला आलीयस ना? आण ती पिशवी, मी धरतो... अगं, ही तर रिकामी आहे!"

"पुढे हो. आपला नंबर आला."

टेबलामागच्या बाईंनी हसून विचारलं, "काय आणलंय आपण?"

"हा आणलाय. टेरेन्स, टोपी."

टेरेन्सनं मागच्या रांगेकडे एकदा पाहिलं. मग त्यानं स्वतःच टोपी काढली.

बाईंचं हसू मावळलं.

"फोटो काढून परत द्या हं," मॉरीन म्हणाली. "आमच्याकडे हा एकच आहे."