वगळलेली ओळ

(भरदुपार. शिलाईच्या दुकानात ताई मशीनवर. समोर गिऱ्हाइकाच्या स्टुलावर तिचा धाकटा भाऊ, परवाच निवृत्त झालेला आमदार. मांडीवर कागदांचा गठ्ठा.)

ताई: ...म्हणजे तीस वर्षांत केलेल्या भाषणांतून तुला गाळायचंय ते नेमकं हेच? अरे, ह्याच भाषणानं तर तुला मंत्री केलं!

आमदार: म्हणूनच गाळायचंय. ताई, मशीन थांबव ना जरा.

ताई: का म्हणून? शाळेचे गणवेश आहेत, पाचला गिऱ्हाईक दारात उभं राहील. तुझ्या सभागृहासारखं तहकूब नाही करता येत इथे. बोल तू.

आमदार: पुस्तकाचं संपादन तुझी लेक करतेय.

ताई: ठाऊक आहे.

आमदार: बोलली तुला?

ताई: माझ्याशी कुठली बोलायला! पेपरात होतं. मामाचं पुस्तक, भाचीचं संपादन. फोटो बरा आलाय तिचा. कापून ठेवलाय.

आमदार: हे भाषण तिला सगळ्यात आधी छापायचंय. मी म्हटलं, गाळ. तर म्हणते, ‘मामा, तुमचा सगळा विचार ह्यातच आहे, का गाळू?’ म्हणून उठून तुझ्याकडे आलो. सभागृहात भल्याभल्यांना गप्प केलं मी, आणि ह्या पोरीपुढे...

ताई: वाचून दाखव.

आमदार: काय?

ताई: भाषण. पोरीच्या ताब्यासाठी भांडत होते तेव्हा कोर्टात माझ्या नवऱ्याच्या वकिलानं खड्या आवाजात वाचलं होतं. तुझ्या तोंडून कुठे ऐकलंय मी?

आमदार: नको गं.

ताई: वाच म्हणते ना.

आमदार: ‘अध्यक्ष महाराज, हे विधेयक बायकांना घर सोडायला शिकवतं. एक बाई किरकोळ भांडणावरून माझ्या दारात आली. मी तिला आल्या पावली परत पाठवलं. आज तिचा संसार सुखाचा आहे. घरं कायद्यानं टिकत नाहीत, सोसण्यानं टिकतात.’

ताई: सुखाचा! त्या भाषणानंतर महिन्याभरात घर सोडलं मी. आणि ‘एक बाई’ म्हणजे कोण, हे अख्ख्या गल्लीला कळलं होतं. सख्खा भाऊ, तोही आमदार, छापून सांगतोय किरकोळ भांडण होतं. मग न्यायाधीश तरी काय करणार बिचारा? चार वर्षांची पोर दिली बापाकडे.

आमदार: मी तसं बोललो नव्हतो, ताई.

ताई: आता हे काय नवीन?

आमदार: सभागृहात आम्ही बोलतो ते लघुलेखक उतरवून घेतात. मग तो कागद दुरुस्तीला आमच्याकडे येतो. चुकलंमाकलं सुधारायचं, बोललेलं बदलायचं नाही. हा बघ, दुरुस्तीच्या आधीचा कागद, माझ्याकडे राहिलेली प्रत.

ताई: चष्मा नाही माझा जवळ. तूच वाच.

आमदार: ‘एक बाई... मनगट मोडलेलं, हात पदरात धरून माझ्या दारात आली. तरी मी तिला परत पाठवलं.’

ताई: हे सगळ्यांपुढे बोललास तू?

आमदार: बोलण्याच्या भरात निघून गेलं. फुशारकी मारली मी. बघा, मी किती तत्त्वाचा!

ताई: लोक काय म्हणाले?

आमदार: बाकं वाजवली.

ताई: मोडलेल्या मनगटावर?

आमदार: हो. संध्याकाळी कागद हातात आला तेव्हा कळलं, काय बोलून बसलो ते. निवडणूक तोंडावर. ती ओळ खोडली, वर ‘किरकोळ भांडणावरून’ लिहिलं आणि सही ठोकली.

ताई: आणि कोर्टात वकील वाचत होता तेव्हा हा कागद कुठे होता?

आमदार: माझ्या कपाटात... मशीन का थांबवलीस?

ताई: दोरा तुटला.

आमदार: लाज वाटते गं. खरंच वाटते. कपाट उघडलं की आधी ह्यावरच नजर जायची. फाडवत नव्हता, दाखववत नव्हता. गाळू दे मला ते भाषण. तू नुसतं हो म्हण.

ताई: वा रे शहाण्या! गाळलंस की तू सुटलास. आणि माझी लेक? आईनं किरकोळ कारणावरून आपल्याला टाकलं, हेच उराशी धरून बसेल ती जन्मभर.

आमदार: मग काय करू?

ताई: पेन आहे ना खिशात? छापायला जाणारं पान घे आणि ते ‘किरकोळ’ खोड, बोलला होतास तेच लिही.

आमदार: ती हे पान सभागृहाच्या छापील भाषणाशी ताडून बघेल. पुन्हा तोंड बघायची नाही माझं. म्हातारपणी मला तेवढी एकच आहे, ताई.

ताई: मलाही एकच होती. रडू नकोस. कपडे आहेत लोकांचे, डाग पडतील. इकडे ये, ह्या टेबलावर ठेव कागद.

आमदार: खोडलं. ‘मनगट मोडलेलं, हात पदरात धरून’... लिहिलं. झालं?

ताई: ‘एक बाई’ तसंच ठेवलंस?

आमदार: मग काय लिहू?

ताई: ते मी सांगायला हवं का?

आमदार: ‘माझी थोरली...’ कागद सरकतोय गं.

ताई: थांब, मी धरते. ह्या हातानं तेवढं जमतं अजून.