अजून ठरलं नाही

हसू नका, पण स्कॉटलंडात आमच्या मतदारसंघात दर निवडणुकीला एकच पक्ष जिंकायचा, त्यामुळे मत मागायला कुणी फिरकायचं नाही. फक्त हरणाऱ्या पक्षाचे एक म्हातारे यायचे. आमचे हे वारल्यावर माझ्याकडे चहाला बसणारं तेवढंच माणूस. “मत कुणाला?” विचारलं की मी म्हणायचे, “अजून ठरलं नाही.” की पुढच्या आठवड्यात म्हातारे परत दारात.

दोन हजार पाचच्या निवडणुकीआधी आमचा मतदारसंघच मोडून शेजारच्याला जोडला. आता इथं शेजारचे कार्यकर्ते फिरणार, म्हणून म्हातारे निरोप घ्यायला आले.

“आता तरी सांगा, मत कुणाला द्यायचात?”

“तुम्हालाच. दर वेळी.”

“मग इतकी वर्षं सांगितलं का नाहीत?”

म्हटलं, “पक्क्या मताच्या दारात दुसऱ्यांदा कधी गेलात का तुम्ही?”