व्हाळापलीकडचे दोन ठोके

ओवी : बाबा, ती बादली खाली ठेवा. या फणसाच्या बुंध्यात मोरचूद ओतलंत ना, तर मी आज जेवणारच नाही.

चिंतामणी : जेवणावर राग काढू नको गो. आपल्या घरात आता ते नको. सरक बघू. चार कलमं वाळली बुरशीनं. शेजारचा बाळा म्हणाला, सुरुवात फणसापासून करा, सगळी कीड इथूनच पसरते.

ओवी : बाळाकाकांना सगळी बुरशी एकच वाटते. दादाची बुरशी झाडं मारत नाही. या मुळापासून त्या मुळापर्यंत पांढरा धागा विणत जाते. त्यानं पितळी खिळा ठोकला होता ना व्हाळापलीकडे? त्यावर ठोका मारला की तो धाग्यातून इथल्या खिळ्यापर्यंत येतो, आणि खिळ्याला जोडलेल्या हेडफोनमध्ये ऐकू येतो. व्हाळाचं पाणी वरून वाहतं, मुळं खालून जातात.

चिंतामणी : अख्खा पावसाळा इथे हेडफोन लावून बसलीस गेल्या वर्षी. काही आलं?

ओवी : तेच तर. मी रोज दादाला ओरडून सांगायचे, काही ऐकू येत नाही. हे यंत्र फसलं असं समजूनच तो गेला. फसलं नव्हतं, बाबा. धीमं होतं. ठोका दिवसाला वीतभर सरकतो. व्हाळापासून इथवर शंभर पावलं, म्हणजे बरोबर एक वर्ष. ही वही बघा. मे महिन्यापासून रोज दुपारी येतायत. दोन, दोन, दोन.

चिंतामणी : दोन.

ओवी : आपलंच की. घरातून ताटावर पळीचे तीन ठोके, म्हणजे जेवायला या. बागेतून दादाचे खिळ्यावर दोन, म्हणजे आलो. आज तो गेला तीच तारीख आहे. आजचे त्याचे शेवटचे दोन. तेवढे ऐकू द्या, मग ओता हवी तेवढी बादली.

चिंतामणी : आज येणार नाहीत.

ओवी : का नाही?

चिंतामणी : त्या दिवशी ताट वाजलंच नाही.

ओवी : तुम्ही तर म्हणाला होतात, पावसात त्याला ऐकू गेलं नसेल.

चिंतामणी : सगळ्यांना तेच सांगितलं. सकाळी मी त्याला बोललो होतो, कॉलेज सोडून बुरशीशी खेळतोस, तर जेवायलाही तीच घालील. दुपारी तुझी आई ताट घेऊन उठली, ते मी तिच्या हातून काढून घेतलं. म्हटलं, भूक लागली की येईल. तो तिकडे रुसून बसला असणार. मग पाणी चढलं, व्हाळावरचा साकव वाहून गेला आणि तोही गेला. वेळेवर हाक गेली असती तर साकव शाबूत असतानाच अलीकडे आला असता.

ओवी : म्हणून वर्षभर ताट वाजवत नाही आपण?

चिंतामणी : उचलवत नाही गो.

ओवी : बसा इथे. वॉकमनचाच हेडफोन आहे, चावत नाही. खरखर येईल, ती पावसाची. तिच्याखाली ऐका.

(ती हेडफोन त्यांच्या कानांवर चढवते. बुंध्याशी वाकून ते ऐकत राहतात.)

चिंतामणी : ओवी.

ओवी : काय?

चिंतामणी : दोन.

ओवी : नीट मोजलेत?

चिंतामणी : दोनच. सावकाश मारलेत. दम खात मारल्यासारखे.

ओवी : म्हणजे आलो. कोणी बोलावलं नाही, तरी निघाला होता. रुसला नव्हता, बाबा.

चिंतामणी : म्हणजे पाणी आलं तेव्हा साकवावर होता तो. घरी यायला निघालेला.

ओवी : बादली उचलू?

चिंतामणी : लांब नेऊन ठेव. थेंब सांडू नको इथे. आणि ती ताटाची पळी आणून दे माझ्याकडे.

ओवी : खिळ्यावर हलकेच मारा. पण बाबा, तीन ठोके तिथे पोचायला वर्ष लागेल.

चिंतामणी : लागू दे. मला तर आधीच एक वर्ष उशीर झालाय.