संजूच्या स्मृतिदिनाची यादी

आमी मूळचे जालन्याकडचे. वडील तुर्भ्याला कंपनीत लागले तेव्हा कोपरखैरण्यात आलो, मी थोरली, संजू धाकटा. मला लहानपणापासून यादी करायची सवय, किराणा, औषधं, बिलं, सगळं लिहून, आणि संजूला एकच वेड, सिनेमात तोंड दिसायचं. गर्दीच्या सीनला जायचा, घोळक्यात मागे उभा राहायचा, कॅमेरा फिरला की मान अशी लांब करायचा. दिसला मात्र कधीच नाही. काविळीने गेला, बत्तिसाव्या वर्षी.

तर एक हिंदी सिनेमा आहे. त्यात पोस्टर रंगवणारा मरतो, पुढच्या जन्मी हिरो होतो, पोस्टरवर त्याचाच चेहरा. काय सांगू ताई तुम्हाला, मी रविवारी विहारात पोरांना शिकवते, आत्मा नाही, मेलेलं माणूस परत येत नाही, बावीस प्रतिज्ञा पाठ करून घेते, आणि घरी येऊन तोच सिनेमा लावते. त्याची आधीच्या जन्माची म्हातारी आई पोस्टरसमोर थांबते ना, तिथे दर वेळी माझा पदर डोळ्याला.

माझी नात अडीच वर्षांची. फोटोसाठी मोबाईल धरला की मान लांब करते, अगदी तशीच. आमची आई म्हणाली, संजू आला. मी म्हटलं, आई, ती पोरगी आहे. म्हणते, मग हिरोईन होईल, तुझं काय जातं?

तेव्हा हसले. पण परवा संजूच्या स्मृतिदिनाची यादी करायला बसले, दरवर्षीचीच, मेणबत्त्या, पांढरी फुलं, भन्तेजींचं भोजनदान, खीर, तर आईने वहीच ओढून घेतली. जिवंत लेकराचं कुणी असलं करतं का गं, बंद कर. आता बंद केलं तर विहारात पोरांना काय तोंड दाखवू, आणि केलं तर आईच्या डोळ्यांदेखत तिचा मुलगा दुसऱ्यांदा मारल्यासारखं. ती चौऱ्याऐंशीची. आणि खरं सांगू, नातीला हाक मारताना कधी कधी माझ्याही तोंडात संजूच येतं. मला काय ते कळतच नाही.

शेवटी रविवारी करतोय. भन्तेजी येतील, त्रिशरण पंचशील होईल. यादीच्या वर दरवर्षी लिहिते, संजूचा स्मृतिदिन, यंदा ती ओळ मोकळी सोडली. आईने विचारलं, मग खीर कशासाठी गं? म्हटलं, पोरगी मागते. आईला पटलं. मलाही, थोडं. पोरगी सुखात राहो, उदंड जगो, आणि सिनेमात गेलीच तर पुढे उभी राहो.